पाच दद्दांची दोस्ती

सुरत आणि मराठी माणूस म्हटले की शाळेच्या पुस्तकातली तीन साले आठवतात. १६६४ आणि १६७० मध्ये शिवाजी महाराजांच्या स्वाऱ्या, आणि १९०७ च्या डिसेंबरातले काँग्रेसचे अधिवेशन. त्या अधिवेशनात जहाल आणि मवाळ एकमेकांवर धावून गेले, आणि मंचाकडे भिरकावलेला पुणेरी जोडा सर फिरोजशहा मेहता आणि सुरेंद्रनाथ बॅनर्जी यांना लागला. ‘तुम्ही मराठी लोक सुरतेत येता ते भांडायलाच’ असे एखादा गुजराती शेजारी थट्टेने म्हणाला, तर आपण हसून सोडून देतो. पण त्याला सांगायला आपल्यापाशी एक चौथे साल असायला हवे. ते साल १८४४, आणि त्यात भांडण नाही, दोस्ती आहे.

आपली मुले इथे गुजराती शाळेत बाराखडी शिकतात, तिला ‘कक्को’ म्हणतात. ‘क’ हा कक्को, तसा ‘द’ हा दद्दो. शंभर-पावणेदोनशे वर्षांपूर्वी याच सुरतेत पाच मित्रांची एक टोळी होती. पाचही जणांची नावे ‘द’ने सुरू होत: दुर्गाराम, दादोबा, दिनमणिशंकर, दलपतराम आणि दामोदरदास. म्हणून त्यांना ‘पाच दद्दा’ असे नाव पडले. या पाचांतले दादोबा हे आपले मराठी. दादोबा पांडुरंग तर्खडकर, ज्यांना पुढे मराठी भाषेचे पाणिनी म्हटले गेले, तेच.

दादोबांचा जन्म १८१४ चा, मुंबईचा. बाविसाव्या वर्षी, म्हणजे १८३६ मध्ये, त्यांचे मराठी व्याकरण छापून निघाले. ज्या वयात आजकालची मुले स्पर्धा परीक्षेचा अर्ज भरत असतात, त्या वयात या माणसाने आपल्या भाषेचे नियम बांधून दिले. त्यानंतर काही वर्षांनी नोकरीनिमित्त ते सुरतेच्या सरकारी इंग्रजी शाळेत शिक्षक म्हणून आले. तेव्हा रेल्वे नव्हती. आज भेस्तानला गाडीत बसले की उधना गेले आणि सुरत आले, मुंबईही चार-पाच तासांवर. त्या काळी मुंबईहून सुरत म्हणजे परगावच नव्हे, जवळजवळ परमुलूख. शिवाय सुरतेचे दिवसही पडते होते. १८३७ मध्ये मोठी आग लागून शहराचा बराच भाग जळाला होता, त्याच वर्षी तापीला पूर आला होता, आणि व्यापार मुंबईला निघून गेला होता. अशा गावात परक्या भाषेचा एक तरुण मास्तर येऊन राहतो, तेव्हा त्याला सर्वांत आधी काय लागते हे आपल्या वडीलधाऱ्यांना विचारावे. धुळे, जळगाव, नंदुरबारहून वळकटी घेऊन जे इथे उतरले, त्यांना खोली नंतर मिळाली. आधी कोणीतरी ओळखीचे हसले, ते मिळाले.

दादोबांना मिळाले दुर्गाराम मंछाराम मेहता. सुरतेचेच, नागर ब्राह्मण, वयाने पाच वर्षांनी मोठे, सरकारी गुजराती शाळेचे मास्तर. गाव त्यांना ‘मेहताजी’ म्हणे, म्हणजे आपल्याकडचे पंतोजी. विधवांचे पुनर्विवाह व्हावेत असे ते उघड बोलत, आणि भुताखेतांच्या मंत्रतंत्राचा त्यांना मनस्वी संताप होता. १८४२ मध्ये सुरतेत पुस्तक प्रसारक मंडळी निघाली आणि शिळाछापखाना आला, त्यामागेही त्यांचाच हात होता. दादोबा अभ्यासू, शब्द तोलून मापून वापरणारे. मेहताजी चौकात उभे राहून बोलणारे. असे दोन स्वभाव एकत्र आले की पहिल्या महिन्यात तरी खटके उडत असतील, असा आमचा अंदाज. पण एकाला विचार सुचावा आणि दुसऱ्याने तो लोकांपुढे मांडावा, अशी त्यांची जोडी जमली.

२२ जून १८४४ रोजी या मित्रांनी सुरतेत मानवधर्म सभा स्थापन केली. देव एक आहे, सर्व माणसांचा धर्म एक आहे, माणसाची किंमत जातीवरून ठरू नये, गुणावरून ठरावी, विद्या सर्वांना मिळावी, अशी तिची शिकवण. आज हे वाचताना विशेष वाटत नाही. पण त्या वर्षी महात्मा फुले सतरा वर्षांचे होते, आणि प्रार्थना समाज निघायला अजून तेवीस वर्षे होती. पुढे तो काढण्यात ज्यांचा पुढाकार होता, ते डॉ. आत्माराम पांडुरंग म्हणजे दादोबांचेच धाकटे भाऊ. एकोणिसाव्या शतकातल्या पश्चिम भारतातली ही अगदी सुरुवातीची सुधारक सभा पुण्यात नव्हे, मुंबईतही नव्हे, आपल्या सुरतेत एका गुजराती आणि एका मराठी मास्तराच्या मैत्रीतून जन्मली.

ही सभा उघड भरत असे. कोणीही यावे, ऐकावे, वाद घालावा. मेहताजींनी मांत्रिकांना जाहीर आव्हान दिले की मंत्रात सामर्थ्य असेल तर चारचौघांत दाखवा आणि इनाम घेऊन जा. १८४४ हे साल तसे गरमच होते. मिठावरचा कर आठ आण्यांवरून रुपयावर नेल्यामुळे सुरतेचे लोक रस्त्यावर आले होते. अशा गावात, सरकारी पगार खाणाऱ्या मास्तरांनी जातीविरुद्ध आणि मांत्रिकांविरुद्ध बोलायचे म्हणजे काय, हे आम्ही सरकारी नोकर मंडळी बरोबर जाणतो. घरचे बोलणार, जातवाले बोलणार, साहेबाच्या कानावर जाणार. एकट्याने हे होत नाही. संध्याकाळी ज्याच्यापाशी जाऊन मन मोकळे करता येईल असा माणूस लागतो.

मग बदली आली. सरकारी बदलीचा कागद कोणाची दोस्ती बघून निघत नाही. १८४६ मध्ये दादोबा मुंबईला गेले आणि सभेचे काम मंदावले. १८५२ मध्ये मेहताजीही शिक्षणखात्याच्या कामावर राजकोटला गेले आणि सभा संपली.

यानंतरचे आम्हाला जास्त विचारात पाडते. पहिली पत्नी वारल्यावर दुर्गारामांनी दुसरे लग्न केले, ते विधवेशी नव्हे, कुमारिकेशी. आयुष्यभर जे सांगितले ते स्वतःवर वेळ आली तेव्हा जमले नाही. सुधारकांना याचे दुःख झाले. दादोबांचेही तसेच काहीसे झाले. १८४९ मध्ये मुंबईत त्यांच्या प्रेरणेने परमहंस सभा निघाली, पण ती गुप्त. सभासदांची नावे बाहेर कळू नयेत अशी खबरदारी. पुढे त्यांनी धर्मावर लिहिले तेही स्वतःच्या नावाने छापले नाही, ‘एक जगद्वासी आर्य’ या नावाने छापले. सुरतेत उघड बोलणारे हेच दोघे, वेगळे झाल्यावर एक मागे सरला आणि एक पडद्याआड गेला. याची इतर कारणेही विद्वान सांगतील, मुंबईचे वातावरण वेगळे होते, जातीचा दाब मोठा होता वगैरे. आम्हाला मात्र वाटते की सुरतेत दोघांचे धैर्य एकमेकांपाशी ठेव म्हणून होते. बदलीच्या सामानात ते बांधता आले नाही.

म्हणून दुर्गारामांना दोष देणे आमच्या जिवावर येते. त्यांचे काम वायाही गेले नाही. त्यांच्या शाळेत शिकलेला एक मुलगा पुढे कवी नर्मद झाला. त्याने विधवेशी लग्न करून दाखवले. आपल्या मुलांच्या पदवीवर वीर नर्मद दक्षिण गुजरात युनिव्हर्सिटी असे छापलेले असते, ते त्याच्याच नावाचे.

दादोबा पुढे अहमदनगरला डेप्युटी कलेक्टर झाले, रावबहादूर झाले, आणि १८८२ मध्ये वारले. त्याच्या तीन वर्षे आधी, १८७९ मध्ये, महीपतराम रूपराम नीलकंठ यांनी दुर्गारामांच्या रोजनिशीच्या आधारे त्यांचे चरित्र गुजरातीत प्रसिद्ध केले. दादोबांचे आत्मचरित्र मराठीत आहे, ते अ. का. प्रियोळकरांनी १९४७ मध्ये छापले. एका मित्राची बाजू गुजरातीत, दुसऱ्याची मराठीत. मुंबई-पुण्याच्या वाचकाला यातले एक पुस्तक वाचता येते, अहमदाबादच्या वाचकाला दुसरे. भेस्तानात जी पोरे शाळेत कक्को आणि घरी आजीपाशी मराठी शिकतात, त्यांना दोन्ही वाचता येतील.