दोन अक्षरांनी उघडलेलं कुलूप

आज बोलूया एका हरवलेल्या आणि पुन्हा सापडलेल्या लिपीबद्दल.

दिल्लीत फिरोजशाह कोटल्यावर एक दगडी स्तंभ आहे. चौदाव्या शतकात फिरोजशाह तुघलकाने तो आजच्या हरियाणातल्या टोपऱ्याहून आणवला. त्यावर काय लिहिलंय, हे वाचायला त्याने पंडित बोलावले. एकालाही ते वाचता आलं नाही.

गंमत बघा. भाषा मेली नव्हती. संस्कृत-प्राकृत जाणणारे विद्वान होतेच. हरवली होती ती अक्षरं. ब्राह्मी लिपी कोणी बंद पाडली नाही. लिहिणाऱ्यांच्या हातात वळणं हळूहळू बदलत गेली. प्रत्येक पिढीला आजोबांचं अक्षर वाचता येत होतं, म्हणून दोर कधी तुटला ते कोणाला कळलंच नाही. आपली नागरी ही त्याच ब्राह्मीची वंशज, तरी वारसाला पूर्वज ओळखता येईना.

1837 साली कलकत्त्याच्या टांकसाळीतला अधिकारी जेम्स प्रिन्सेप सांचीच्या लेखांच्या प्रती पाहत होता. ओळी छोट्या, सुट्या. पण बहुतेकींचा शेवट त्याच दोन अक्षरांनी. फौजेत सांकेतिक संदेश उकलतानाही हेच करतात: काय पुन्हा पुन्हा येतं ते बघायचं, आणि ते कोणी, कुठे, कशासाठी लिहिलं असेल ते विचारायचं. प्रिन्सेपने ताडलं, की स्तूपावर इतक्या छोट्या नोंदी म्हणजे भाविकांच्या देणग्याच असणार. 'अमक्याचं दान'. म्हणजे शेवटचा शब्द 'दानं'! द आणि न हाती लागले. आदल्याच वर्षी लासेन या पंडिताने अगाथोक्लीसच्या दुभाषी नाण्यावरून काही अक्षरं लावली होती. थोड्याच काळात दिल्लीचा स्तंभ बोलू लागला.

स्तंभावर राजाचं नाव 'पियदसि' होतं. हा राजा म्हणजे अशोक, हे श्रीलंकेतल्या पाली ग्रंथांवरून टर्नरने दाखवलं. पुढे 1915 मध्ये कर्नाटकात मस्कीला खुद्द 'अशोक' हे नाव कोरलेला लेख मिळाला. प्रिन्सेप मात्र 1840 मध्येच, चाळिशीत गेला होता.

आता आपल्याकडे या. छापखान्याने बाळबोध उचलली आणि मोडी मागे पडली. शाळेतूनही ती गेली. आज पुण्यापासून तंजावरपर्यंत मोडी कागदांची दफ्तरं आहेत, पण वाचणारे थोडे. बडोदा, इंदूर, ग्वाल्हेरच्या कितीतरी मराठी घरांत पणजोबांचे कागद ट्रंकेत पडून असतील. मराठी आपलीच, पण वाचता येत नाही. फिरोजशाहच्या पंडितांची अडचण हीच होती.

फरक एवढाच, की प्रिन्सेपला विचारायला कोणी जिवंत वाचक नव्हता. आपल्याला आहेत. मोडी चिकाटीने शिकली तर काही महिन्यांत वाचता येऊ लागते. तेव्हा ते कागद रद्दीत घालू नका. फोटो काढून ठेवा आणि जाणकाराकडून वाचून घ्या. घरातल्या एका मुलाला तरी मोडीचा वर्ग लावा.

भेटू पुढच्या भागात. जय हिंद.