१ मेची कुळकथा

१ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य अस्तित्वात आले. त्याच दिवशी पेशावरहून उडालेले अमेरिकेचे यू-२ हेरगिरी विमान सोव्हिएत हद्दीत पाडले गेले. दिनविशेषात या घटना शेजारी छापतात, पण त्यांचा एकमेकींशी काही संबंध नाही. तो निव्वळ योगायोग. या तारखेवरच्या इतर कितीतरी घटनांचे मात्र तसे नाही. त्या आधीच्या १ मेकडे पाहून मुद्दाम तिथे आणल्या गेल्या.

हे कूळ शिकागोपासून सुरू होते. अमेरिकेतल्या इलिनॉय राज्याने १८६७ साली आठ तासांच्या कामाचा कायदा केला आणि तो १ मेपासून लागू व्हायचा ठरला. त्या दिवशी शिकागोच्या कामगारांनी मोठी मिरवणूक काढली. पण कायद्यात पळवाट होती. मालक-कामगारांत वेगळा करार झाला असेल, तर आठ तासांचे बंधन नव्हते. मालकांनी तिचा फायदा उठवला, कामगारांनी संप केला आणि तो थोड्याच दिवसांत मोडला.

१८८४ साली त्याच शिकागोत कामगार संघटनांच्या महासंघाने ठराव केला की १ मे १८८६ पासून आठ तास हाच कामाचा दिवस. तो दिवस उजाडला तेव्हा देशभरात सुमारे तीन लाख कामगार संपावर गेले. ४ मेच्या रात्री शिकागोच्या हेमार्केट चौकातल्या सभेत पोलिसांवर बॉम्ब पडला आणि पाठोपाठ गोळीबार झाला. बॉम्ब कुणी टाकला हे अखेरपर्यंत कळले नाही. तरीही आठ जण दोषी ठरले आणि त्यांपैकी चौघांना ११ नोव्हेंबर १८८७ रोजी फाशी झाली.

१८८९ साली पॅरिसला समाजवाद्यांची आंतरराष्ट्रीय परिषद भरली. तिची सुरुवातही हेरून ठेवलेल्या दिवशी झाली : १४ जुलै, बॅस्तिय पडल्याची शताब्दी. सगळ्या देशांत एकाच दिवशी आठ तासांसाठी निदर्शने करावीत, असा ठराव तिथे झाला. दिवस शोधावा लागला नाही, कारण अमेरिकी कामगारांनी १ मे १८९० आधीच जाहीर केला होता. ठराव त्या एका वर्षापुरता होता, पण प्रतिसाद एवढा मिळाला की १८९१च्या ब्रसेल्स परिषदेने तो दरवर्षीचा केला.

तारखेला वजन आले, तशी ती विरोधकांनाही हवीशी झाली. हिटलरने १९३३ साली १ मे राष्ट्रीय सुटी म्हणून थाटात साजरा केला आणि दुसऱ्याच दिवशी कामगार संघटनांची कार्यालये ताब्यात घेतली. पोप बारावे पायस यांनी १९५५ साली १ मे हा सुतारकाम करणाऱ्या संत जोसेफचा सण ठरवला. खुद्द अमेरिकेने कामगारांची सुटी १८९४ सालीच सप्टेंबरच्या पहिल्या सोमवारी ठेवली होती. १९५८ साली राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवर यांनी १ मे हा 'कायदा दिन' जाहीर केला.

मुंबईचा कामगार मात्र शिकागोची वाट पाहत बसला नव्हता. नारायण मेघाजी लोखंडे यांनी १८८४ सालीच गिरणी कामगारांच्या सभा घेऊन रविवारच्या सुटीची मागणी मांडली होती. एप्रिल १८९०मध्ये, म्हणजे जगातला पहिला मे दिन उजाडण्याच्या ऐन तोंडावर, महालक्ष्मीला सुमारे दहा हजार कामगार जमले. त्या सभेत दोन कामगार स्त्रियाही बोलल्या. जूनमध्ये गिरणीमालकांनी रविवारची सुटी मान्य केली. भारतात मे दिन पाळला गेला तो त्यानंतर बऱ्याच वर्षांनी, १९२३ साली, मद्रासला सिंगारवेलु चेट्टियार यांच्या पुढाकाराने.

संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात गिरणगाव रस्त्यावर उतरले. कॉम्रेड डांगे पुढाऱ्यांत होते, अमर शेख आणि अण्णा भाऊ साठे डफावर. त्या लढ्यातून आलेले राज्य कामगार दिनी जन्मले, हे मराठी माणसाला शोभूनच दिसले. पण मुंबई पुनर्रचना कायद्याने ठरवलेला तोच दिवस गुजरातलाही मिळाला. तिथे नव्या राज्याचे उद्घाटन साबरमती आश्रमात रविशंकर महाराजांच्या हस्ते झाले. कामगार लढ्याची आठवण त्या सोहळ्याला चिकटली नाही.

पुढे महाराष्ट्राने ही तारीख स्वतःच वापरायला घेतली. जिल्हा परिषदा १ मे १९६२ रोजी सुरू झाल्या. जालना आणि सिंधुदुर्ग हे जिल्हे १ मे १९८१ रोजी झाले, हिंगोली आणि गोंदिया १ मे १९९९ रोजी. या नोंदींमागे योगायोग शोधण्यात अर्थ नाही. राज्याच्या वाढदिवशी नवे जिल्हे देणे सरकारला सोयीचे आणि लोकांना मानाचे वाटते. म्हणून एका तारखेखाली घटनांची रांग दिसली की त्यांतली सर्वांत जुनी आधी पाहावी. पुढच्या पुष्कळशा तिच्याच नात्यातल्या निघतात.