लेन्सकडे रोखलेले डोळे

मे १९६२. तुम्ही पॅरिसच्या रस्त्यावर उभे आहात. अल्जेरियातलं युद्ध मार्चमध्येच थांबलंय, शांततेचा हा पहिला वसंत आहे. क्रिस मार्कर आणि छायालेखक पिएर लोम 'ल जोली मे' हा माहितीपट चित्रित करताहेत. त्यांच्या कॅमेरा-पथकातल्या एका तरुणाच्या मागोमाग चला. हा एतिएन बेकर, दिग्दर्शक जाक बेकर यांचा मुलगा. इथे पटकथा नाही. एक गृहस्थ भरभरून बोलत असताना त्यांच्या कोटावर कोळी चढतो आणि कॅमेरा बोलणं सोडून कोळ्यामागे जातो. काय पाहायचं, हे त्या क्षणीच ठरवावं लागतं.

आता जानेवारी १९६८, आणि ऊन भारताचं. दिग्दर्शक लुई माल, ध्वनिमुद्रक जाँ-क्लोद लोरो आणि कॅमेऱ्यामागे बेकर, एवढंच पथक. कॅमेरा १६ मिलिमीटरचा, ४०० फुटांचं मॅगझिन ११ मिनिटांत संपतं. तुम्ही बेकरच्या पाठीशी उभे राहा. समोर माणसं जमलीत आणि थेट लेन्समध्ये पाहताहेत. बहुतेक ठिकाणी अशा वेळी 'इकडे बघू नका' म्हणतात, नाहीतर तो शॉट टाकून देतात. इथे मात्र कॅमेरा चालूच राहतो. परका आपल्याला न्याहाळतोय, तर आपणही त्याला न्याहाळावं, हा त्या माणसांचा हक्क आहे, आणि चौकट तो मान्य करते. गिधाडं जनावराचं कलेवर फाडताना लेन्स वळत नाही. मद्रासला मैलापूरचा रथ निघतो, तेव्हाही ती घाईनं कुठे पळत नाही.

या फिरस्तीतून सात भागांची 'लँद फाँतोम' ही मालिका उभी राहते. शेवटचा भाग मुंबईचा. कलकत्त्याच्या चित्रीकरणातून स्वतंत्र चित्रपट होतो. १९७० साली बीबीसीवर मालिका दिसते आणि भारत सरकार संतापतं. बीबीसीचं दिल्लीतलं कार्यालय बंद होतं. आपलं दारिद्र्य परक्यानं दाखवावं, याची बोच खरी होती. पण मालिका पाहणाऱ्यांनी त्या चेहऱ्यांच्या डोळ्यांतला प्रश्नही पाहायला हवा होता.

१९७२. आता फ्रान्समध्ये, रेनचा सित्रोएन मोटार कारखाना. निवेदन जवळजवळ नाहीच. आहेत ते यंत्रांचे आवाज आणि तेच ते काम करणारे हात. मालच्या 'युमँ, त्रो युमँ' या माहितीपटात बेकरचा कॅमेरा त्या हातांपाशी इतका वेळ थांबतो की कामाचा शीण तुमच्याही खांद्यांत उतरतो. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये पॅरिसच्या प्लास द ला रेप्युब्लिक चौकात माल, बेकर आणि लोरो येणाऱ्याजाणाऱ्यांना थांबवून बोलतं करतात, आणि आता स्वतः पथकही पडद्यावर दिसतं. जो पाहतो, त्यानंही दिसायला हवं.

म्हणून बेकरची कारकीर्द चित्रपटांच्या यादीत मोजू नका. समोरचा माणूस उलटून पाहू लागला की कॅमेरा बंद करायचा की चालू ठेवायचा, हा माहितीपटाच्या छायालेखकाचा सगळ्यात मोठा निर्णय आहे. बेकरनं तो चालू ठेवला, आणि म्हणूनच ती माणसं आज पुरावा म्हणून नव्हे, समोरासमोर भेटतात.