विषाचे औषध कसे झाले



कामगार चळवळीतला माणूस व्याख्यानमालेच्या व्यासपीठावर आला म्हणजे तो महागाई भत्त्यावर किंवा कंत्राटी पद्धतीवर बोलणार, असे श्रोते गृहीत धरतात. आज आम्ही एका औषधाचा इतिहास सांगणार आहोत. आम्ही वैद्य नव्हे, रसायनशास्त्रज्ञ तर नव्हेच. आमचे शाळेतले शिक्षण सातवीला संपले. पुढचे शिक्षण वाचनालयाच्या बाकावर आणि युनियनच्या कचेरीत झाले. तरीही हा विषय निवडण्याचे धाडस केले, कारण या औषधाच्या इतिहासात कामगार आणि शिपाई पदोपदी भेटतात, आणि बहुतेक ठिकाणी त्यांचे नावसुद्धा लिहिलेले नसते.

आपल्या शरीरात लसिका ग्रंथी असतात. मानेत, काखेत, जांघेत त्या हाताला लागतात. रोगजंतूंशी झुंजणाऱ्या पांढऱ्या पेशींची ती ठाणी होत. या पेशी बेबंद वाढू लागल्या म्हणजे जो कर्करोग होतो, त्याला लिम्फोमा म्हणतात. एखाद्या ठिकाणची गाठ शस्त्राने काढता येते. परंतु हा रोग रक्तालसिकेबरोबर अंगभर फिरतो, तेव्हा शस्त्र कोठे चालवावे? या रोगावर शिरेतून देण्याचे जे पहिले परिणामकारक औषध सापडले, ते नायट्रोजन मस्टर्ड. हे औषध म्हणजे युद्धातल्या एका विषारी वायूचे सख्खे भावंड होय. त्यामुळे पुष्कळ लेखक मोठ्या समाधानाने लिहितात की, युद्धाचा शाप वैद्यकाला वर ठरला. हे वाक्य कितपत खरे आहे, हे आज आपण तारखा पुढे ठेवून तपासू या.

जुलै १९१७ मध्ये बेल्जममधील ईप्र येथे जर्मन सैन्याने मस्टर्ड वायूचे तोफगोळे प्रथम टाकले. खरे पाहता हा वायू नव्हे, तेलकट द्रव आहे. त्याला मोहरीसारखा किंवा लसणीसारखा वास येतो म्हणून हे नाव. तो कपड्यातून आत झिरपतो. अंगावर पडला तरी तत्काळ काही जाणवत नाही. काही तासांनी डोळे मिटतात, कातडीवर फोड येतात, श्वासनलिका सोलून निघते. परंतु याखेरीज आणखी एक परिणाम होता, तो डोळ्यांना दिसणारा नव्हता. एडवर्ड आणि हेलन क्रुंभार या अमेरिकन दांपत्याने १९१९ साली लिहून ठेवले की, या वायूने मेलेल्या सैनिकांच्या रक्तातील पांढऱ्या पेशी नाहीशा होत जातात आणि अस्थिमज्जा ओस पडते. म्हणजे औषधाचे मूळ सूत्र १९१९ सालीच छापलेले होते. ते वीस वर्षांहून अधिक काळ तसेच पडून राहिले. युद्ध संपले, तशी त्या कागदाची कोणाला निकड उरली नाही.

दुसऱ्या महायुद्धात अमेरिकन सरकारने येल विद्यापीठातील लुइस गुडमन आणि आल्फ्रेड गिलमन या दोन औषधशास्त्रज्ञांना वायुयुद्धाच्या रसायनांचा अभ्यास करण्याचे काम दिले. त्यांच्या हाती मस्टर्डचा नवा प्रकार होता. गंधकाच्या अणूच्या जागी नायट्रोजन घातलेला. सशांना तो दिला तेव्हा त्यांच्या लसिका ग्रंथी वितळल्यासारख्या झाल्या. त्यांचे सहकारी टॉमस डॉअर्टी यांनी लिम्फोमाची गाठ असलेल्या उंदराला तो टोचला. गाठ मऊ पडून विरत गेली.

मग पाळी आली माणसाची. तो माणूस कोण होता? १८९४ साली पोलंडमध्ये जन्मलेला, अठराव्या वर्षी पोटासाठी अमेरिकेला आलेला, कनेक्टिकट राज्यातील बेअरिंगच्या कारखान्यातला एक कामगार. शास्त्रीय इतिहासात त्याची केवळ दोन आद्याक्षरे उरली आहेत. मानेतील आणि जबड्याखालील गाठींमुळे त्याला तोंड उघडता येईना, घास गिळता येईना. क्षकिरणांचा उपचार थकला होता. २७ ऑगस्ट १९४२ रोजी त्याच्या शिरेत पहिली मात्रा गेली आणि पुढे रोज एक याप्रमाणे दहा मात्रा झाल्या. गाठी उतरल्या, त्याला खाता येऊ लागले, मान वळवता येऊ लागली. पण पांढऱ्या पेशी घटल्या, रक्तस्राव सुरू झाला, गाठी पुन्हा वर आल्या आणि १ डिसेंबर १९४२ रोजी तो वारला. त्याच्या रुग्णपत्रिकेत औषधाचे खरे नाव लिहिलेले नव्हते. युद्धातले गुपित म्हणून तेथे सांकेतिक नाव घातले होते. या कामगाराचे मूळ कागद हाती लागून त्याची हकिकत नीट छापली जाण्यास २०११ साल उजाडावे लागले.

आता बारी बंदराची गोष्ट. इटलीच्या या बंदरावर २ डिसेंबर १९४३ च्या रात्री जर्मन विमानांनी हल्ला केला. तेथे नांगरलेल्या 'जॉन हार्वे' या अमेरिकन जहाजावर मस्टर्डचे दोन हजार बाँब होते आणि ही गोष्ट बंदरात जवळजवळ कोणालाच ठाऊक नव्हती. जहाज फुटले, ज्यांना माहीत होते ते खलाशी त्याच्याबरोबरच मेले. मस्टर्ड पाण्यावरच्या तेलात मिसळले. त्या पाण्यातून वर काढलेल्या माणसांना रुग्णालयात ओल्या कपड्यांनिशी घोंगड्यांत गुंडाळून ठेवले; कारण त्यांचे कपडे उतरवून अंग धुवावे, हे सांगणारे कोणी नव्हते. सैनिक आणि खलाशी मिळून सहाशेहून अधिक जणांना वायूची बाधा झाली. त्यांतले ८३ दगावले. गावातले किती मेले याची मोजदाद झालीच नाही. स्टुअर्ट अलेक्झांडर या तरुण लष्करी डॉक्टरने मृतांचा छडा लावून मस्टर्डचे निदान केले आणि पांढऱ्या पेशी कशा कोसळल्या याची टाचणे ठेवली. त्याचा अहवाल गुप्त ठेवण्यात आला. चर्चिल यांना तर बंदरात मस्टर्ड होते हेच मान्य करावयाचे नव्हते.

लिम्फोमाचे औषध बारीच्या अपघातातून निघाले, असे सर्रास सांगितले जाते. श्रोतेहो, तारखा पाहा. येलमधील कामगाराला औषध टोचले ते ऑगस्ट १९४२ मध्ये. बारी घडले ते त्यानंतर पंधरा महिन्यांनी. अलेक्झांडरच्या अहवालाने पुढच्या संशोधनाला बळ दिले, एवढे खरे. पण बारीच्या माणसांचे मरण औषधासाठी आवश्यक नव्हते. ती माणसे दडपणुकीमुळे मेली. पिंपात काय आहे हे वेळीच कळले असते, तर साध्या पाण्याने आणि साबणाने त्यांतले पुष्कळ वाचले असते.

या विषाची झळ आपल्या मुलखालाही लागलेली आहे. त्या वेळच्या हिंदुस्थानात, रावळपिंडीच्या लष्करी संशोधन केंद्रात, ब्रिटिश शास्त्रज्ञांनी १९३० नंतर दहा वर्षांहून अधिक काळ हिंदी शिपायांवर मस्टर्डचे प्रयोग केले. गोऱ्या कातडीपेक्षा हिंदी कातडीला तो अधिक जाळतो काय, हा प्रश्न होता! कित्येक शिपाई गंभीर भाजले. ब्रिटनच्या दफ्तरखान्यातील कागदांवरून ही हकिकत २००७ साली वर्तमानपत्रांत आली. जपानमध्ये हिरोशिमाजवळच्या ओकुनोशिमा बेटावर १९२९ पासून १९४५ पर्यंत विषारी वायूचा कारखाना चालला. गुप्ततेसाठी बेटच नकाशावरून पुसले होते. तेथे राबलेल्या कामगारांत श्वासमार्गाचे कर्करोग फार आढळले, हे १९६८ साली वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाले. जे विष कर्करोग मारते तेच कर्करोग उपजवते, हे त्या कामगारांच्या फुप्फुसांनी सिद्ध केले.

हे असे का व्हावे, याचे उत्तर एका बाईने शोधले. शार्लट आउअरबाख या ज्यू शिक्षिका हिटलरशाहीतून निसटून १९३३ साली एडिंबरोला आल्या. तेथे त्यांनी जे. एम. रॉब्सन यांच्याबरोबर फळमाश्यांना मस्टर्डची वाफ दिली. या कामात त्यांचे स्वतःचे हात भाजले. त्या माश्यांच्या संततीत आनुवंशिक बदल दिसले. एखादे रसायन जीवाच्या आनुवंशिक द्रव्यात बदल घडवू शकते, याचा हा पहिला भक्कम पुरावा होय. हे त्यांना १९४१ च्या सुमारास कळले. गुप्ततेमुळे छापता आले ते १९४६ साली. पुढे १९६० च्या सुमारास लंडनमध्ये पीटर ब्रूक्स आणि फिलिप लॉली यांनी त्यामागची रासायनिक क्रिया दाखवली. आमच्या गिरणीतल्या मंडळींना ती चटकन समजेल. आनुवंशिक द्रव्य, म्हणजे डीएनए, हा दोन पदरांचा पीळ आहे. पेशी दुभागताना हे पदर सुटे व्हावे लागतात. मस्टर्डच्या रेणूला दोन हात असतात. एका हाताने तो एक पदर धरतो, दुसऱ्याने दुसरा. पदर टाचले गेले की पीळ उलगडत नाही आणि पेशी मरते. ज्या पेशी भराभर दुभागतात त्या आधी मरतात: लिम्फोमाच्या, अस्थिमज्जेच्या, आतड्याच्या अस्तराच्या, केसांच्या मुळांच्या. आणि जी पेशी मरत नाही, पण जिच्या पिळात चूक राहून जाते, ती पुढे कर्करोगाची होऊ शकते.

अशा रीतीने एका विषामुळे शास्त्राला जिवंत पेशीत डोकावण्याचे साधन मिळाले, आणि वैद्यांना औषधांचे एक घराणे मिळाले. गुडमन आणि गिलमन यांचा ६७ रुग्णांवरील अनुभव १९४६ साली उघड झाला. प्रथम आशेचा पूर आला, मग निराशा. कारण गाठी विरत आणि काही आठवड्यांनी परतत. पण कागद उघडे झाल्यावर अनेक देशांत काम सुरू झाले. लंडनमध्ये १९५० नंतरच्या काही वर्षांत क्लोरॅम्ब्युसिल आणि मेल्फालन ही सौम्य भावंडे तयार झाली. १९५८ साली पश्चिम जर्मनीत सायक्लोफॉस्फमाइड निघाले. १९६३ साली पूर्व जर्मनीतील येना येथे बेंडामस्टीन तयार झाले. ते पोलादी पडद्याआड वापरात राहिले आणि अमेरिकेने त्याला २००८ साली मान्यता दिली. भिंतीमुळे औषधाची वाट किती वर्षे अडते पाहा!

एकटे औषध हरले, तेथे चार औषधांची जूट जिंकली. अमेरिकेच्या राष्ट्रीय कर्करोग संस्थेत १९६४ पासून व्हिन्सेंट डेव्हिटा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नायट्रोजन मस्टर्डच्या जोडीला आणखी तीन औषधे देऊन हॉजकिन्सचा लिम्फोमा बरा करण्याचा प्रयत्न केला. १९७० साली त्यांनी निकाल छापला: ४३ रुग्णांपैकी ३५ जणांचा रोग पूर्ण दिसेनासा झाला. वाढलेला हॉजकिन्स रोग म्हणजे मरण, ही समजूत तेथे मोडली. तथापि त्या उपचाराने पुढे काहींना रक्ताचा कर्करोग झाला, काहींना मूल होईना. म्हणून इटलीच्या जान्नी बोनादोना यांनी मस्टर्ड वगळलेली जूट १९७५ साली मांडली आणि तीच रूढ झाली. सायक्लोफॉस्फमाइड मात्र आजही इतर लिम्फोमांत मुख्य आधार आहे. मूत्रपिंडाला ग्रासणाऱ्या ल्यूपस रोगात आणि अस्थिमज्जा बदलण्यापूर्वीही ते देतात. जुने नायट्रोजन मस्टर्डही मेले नाही. कातडीच्या लिम्फोमावर लावावयाचे मलम म्हणून त्याला २०१३ साली अमेरिकेत मान्यता मिळाली. आणि हाच पदार्थ रासायनिक शस्त्रबंदीच्या आंतरराष्ट्रीय कराराच्या पहिल्या यादीतही आहे. तो करार १९९७ साली अंमलात आला. भारताने आपल्याजवळचा १,०४४ टन मस्टर्डचा साठा जाहीर केला आणि २००९ पर्यंत नष्ट केला.

आता मूळ वाक्याकडे येऊ. युद्धाने वर दिला काय? युद्धाने पैसा दिला आणि घाई दिली, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण १९१९ ची नोंद तर शांततेतही वाचता आली असती. येलचा निकाल चार वर्षे, आउअरबाखबाईंचा पाच वर्षे कुलपात राहिला, तोही युद्धामुळेच. रोग बरा होऊ लागला तो कागद उघडे झाल्यावर, देशोदेशींच्या लोकांनी एकमेकांच्या चुका वाचल्यावर. तेव्हा वर दिला तो उघडेपणाने. युद्धाने त्याची किंमत वाढवली, आणि ती भरली खलाशांनी, शिपायांनी आणि कामगारांनी.

हे सारे जुने झाले, असे कोणी समजू नये. मस्टर्ड वायू आणि सायक्लोफॉस्फमाइड या दोहोंची गणना जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने माणसात निश्चित कर्करोग करणाऱ्या पदार्थांत केली आहे. रुग्णाला ते जीव वाचवण्यासाठी, मोजून आणि सांगून देतात. पण ते तयार करणारा, भरणारा, सांडले तर पुसणारा कामगार त्या पदार्थाजवळ रोज असतो. आमच्या कामाच्या ओघात आम्ही असा एक कारखाना पाहिला की, तेथील पिंपांवर पदार्थाचे नाव नव्हते, केवळ आकडा होता. नाव विचारणाऱ्या बायांना मुकादमाने 'तुम्हाला काय करायचे आहे?' असे उत्तर दिले. तीन महिने पत्रव्यवहार केला, दोनदा दाराशी बसलो, तेव्हा नाव मिळाले आणि त्यामागून हातमोजे मिळाले. भोपाळच्या १९८४ च्या संहारानंतर, १९८७ साली कारखाने कायद्यात दुरुस्ती होऊन धोक्याच्या पदार्थांची माहिती कामगारांना देण्याचे बंधन मालकावर आले. हजारोंच्या मरणानंतर कागदावर आलेला तो हक्क प्रत्येक दारात पुन्हा मागून घ्यावा लागतो.

परळच्या गिरणगावात टाटा स्मारक रुग्णालय १९४१ साली उघडले. आज तेथे देशाच्या कानाकोपऱ्यातून माणसे येतात आणि नातेवाईक बाहेरच्या फुटपाथवर पथारी टाकून दिवस काढतात. त्यांतल्या पुष्कळांच्या शिरेत या घराण्यातलेच औषध जाते आणि कित्येक जण बरे होऊन गावी परततात. ही शास्त्राची थोरवी आहे आणि तिच्यापुढे आम्ही नतमस्तक आहोत. आमचे म्हणणे इतकेच की, बाटलीतल्या औषधाचे नाव जसे रुग्णाला कळले पाहिजे, तसेच पिंपातल्या विषाचे नाव कामगाराला कळले पाहिजे. हे मागायला डॉक्टर असावे लागत नाही.