फोन लिनक्सचा, अवजारे विंडोजची

अँड्रॉइड फोनच्या गाभ्यात लिनक्सचेच कर्नल असते. तरीही त्यात फर्मवेअर भरण्याची साधने कंपन्यांनी बहुतेक वेळा विंडोजपुरतीच केली. सॅमसंगचे ‘ओडिन’ मूळचे कंपनीच्या अंतर्गत वापराचे. ते बाहेर फुटले आणि दुरुस्तीच्या दुकानांत रूढ झाले. उबुंटूसारखे लिनक्स वापरणाऱ्याला मात्र एवढ्यासाठी कुणाचा तरी विंडोज संगणक मागावा लागे.

ही कोंडी २०१० मध्ये फुटली. ‘गॅलेक्सी एस’ बाजारात आला त्याच वर्षी ऑस्ट्रेलियातील बेंजामिन डोबेल यांनी ‘हाइमडॉल’ हे मुक्तस्रोत साधन प्रसिद्ध केले. (नॉर्स पुराणांत ओडिन हा देवांचा राजा, तर हाइमडॉल त्यांचा पहारेकरी.) डाउनलोड मोडमधल्या फोनशी ते लिबयूएसबीमार्फत बोलते, फोनच्या साठवणीतल्या विभागांचा नकाशा, म्हणजे ‘पिट’, मागवून घेते आणि प्रत्येक फाइल तिच्या विभागात लिहिते.

गूगलचे ‘फास्टबूट’ लिनक्सवर आधीपासूनच चाले. नेक्सस फोनच्या अधिकृत फर्मवेअरसोबत लिनक्सची स्क्रिप्टही येई. अडत असे ते परवानगीपाशी. केबल जोडलेली, जोडलेल्या उपकरणांच्या ‘एलएसयूएसबी’ यादीत फोन दिसतो आहे, आणि फास्टबूट मात्र परवानगी नसल्याचे सांगते. साध्या वापरकर्त्याला यूएसबी उपकरणावर लिहिता येत नसल्याने कंपनीचा क्रमांक घालून, उपकरणांच्या परवानग्या ठरवणाऱ्या ‘यूडेव्ह’चा नियम लिहावा लागे; घाईतले लोक सर्वाधिकार देणारे ‘सुडो’ लावून मोकळे होत. मीडियाटेकच्या फोनची तऱ्हा निराळीच. त्यांच्या ‘एसपी फ्लॅश टूल’ची लिनक्स आवृत्ती होती, पण जोडलेला फोन म्हणजे मोडेमच असे समजून उबुंटूचा ‘मोडेममॅनेजर’ मध्येच त्याच्याशी बोलू लागे. तो बंद केल्याशिवाय काम पुढे सरकत नसे.

भारतात डिसेंबर २०१४ मध्ये मायक्रोमॅक्सने, वनप्लसच्या फोनमधली प्रणाली बनवणाऱ्या सायनोजेन कंपनीशी झालेल्या एकाधिकार कराराच्या आधारे, वनप्लसला दिल्ली उच्च न्यायालयात खेचले. वनप्लसने एप्रिल २०१५ मध्ये स्वतःची ‘ऑक्सिजनओएस’ दिली, पण ‘वनप्लस वन’च्या ग्राहकाला ती हाताने बसवावी लागे: आधी फास्टबूटने बूटलोडर उघडायचा, ज्यात फोनमधली सगळी माहिती पुसली जाई, आणि मग रिकव्हरीतून नवी प्रणाली भरायची. या कामाला उबुंटू विंडोजइतकीच पुरेशी होती.

पुढे सॅमसंगने फर्मवेअरच्या फाइली एलझेड४ पद्धतीने दाबून देण्यास सुरुवात केली आणि मूळ हाइमडॉल मागे पडले. गूगलने २०२० मध्ये थेट ब्राउझरमधून चालणारे ‘अँड्रॉइड फ्लॅश टूल’ आणले. लिनक्सवर त्यालाही यूडेव्हचे नियम लागतातच.