टक्के हाताचे आणि टक्के कामाचे

आज एका दाखल्याबद्दल बोलायचं आहे. रस्त्यावरच्या अपघातात हात-पाय कायमचा अधू झाला की सिव्हिल हॉस्पिटलमधून अपंगत्वाचा दाखला मिळतो. त्यावर टक्के असतात, कुणाचे पंचवीस, कुणाचे चाळीस. तेवढेच टक्के नुकसान झालं, असं धरून घरची माणसं गप्प बसतात. पण हात किती गेला हे डॉक्टर सांगतात. काम किती गेलं हे कोर्टानं ठरवायचं असतं. हा फरक मान्य व्हायला फार काळ लागला, आणि बाईच्या कामाबाबत तर त्याहूनही जास्त.

इंग्रजांच्या राज्यात १८५५ साली प्राणघातक अपघातांचा कायदा आला. दुसऱ्याच्या चुकीनं माणूस मेला तर त्याची बायको किंवा नवरा, आईबाप, मुलं दावा लावू शकत. जो जगला पण पांगळा झाला, त्याच्यासाठी त्या कायद्यात काही नव्हतं. त्यानं आपला दिवाणी कोर्टाचा रस्ता धरायचा. स्टॅम्प भरायचा, वकील लावायचा आणि गाडीवाल्याची चूक सिद्ध करायची. शुद्ध हरपून पडलेल्या माणसानं गाडी कुठून आली हे कसं सांगावं?

१९३९ साली मोटार वाहन कायदा झाला. गाडीमुळे दुसऱ्याला इजा झाली तर त्यासाठीचा विमा १९४६ पासून सक्तीचा झाला. १९५६ च्या दुरुस्तीनं अशा दाव्यांसाठी वेगळी न्यायाधिकरणं नेमायची सोय झाली. तरी गरिबाची अडचण संपली नाही. हरियाणात एका बाईचा नवरा सरकारी बसखाली गेला. तिनं आणि तिच्या मुलीनं भरपाई मागितली, पण कोर्ट फीला पैसे नव्हते. फी माफ होऊ नये म्हणून खुद्द सरकार सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं! १९७९ साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी सरकारला चांगलंच सुनावलं आणि मायलेकींच्या बाजूनं निकाल दिला.

१९८२ साली पहिल्यांदा कायद्यानं म्हटलं, की चूक कुणाची हे नंतर बघू, थोडे पैसे आधी द्या. मृत्यूला १५,००० रुपये आणि कायमच्या अपंगत्वाला ७,५००. रक्कम किरकोळच, पण 'कायमचं अपंगत्व' म्हणजे काय हे तिथं लिहिलं गेलं. एका डोळ्याची दृष्टी जाणं, एका कानानं ऐकू न येणं, अवयव किंवा सांधा निकामी होणं, चेहरा कायमचा विद्रूप होणं, हे सगळं त्यात आलं.

आता बाईच्या कामाकडे येऊ. १९९४ साली भरपाई मोजायचा एक तक्ता कायद्याला जोडला. त्यात न कमावणाऱ्याचं उत्पन्न वर्षाला १५,००० धरलं, आणि न कमावणाऱ्या जोडीदाराचं उत्पन्न कमावत्या जोडीदाराच्या एक तृतीयांश. म्हणजे नवऱ्याची मजुरी कमी, तर बायकोच्या भाकरीचं मोलही कमी! २००१ च्या जनगणनेनं तर घरकाम करणाऱ्या सुमारे ३६ कोटी बायकांना भिकारी, वेश्या आणि कैदी यांच्या रांगेत, काही न कमावणाऱ्यांत बसवलं होतं. २०१० साली सुप्रीम कोर्टाच्या न्यायमूर्ती गांगुली यांनी निकालात त्यावर बोट ठेवलं.

त्याच वर्षी न्यायमूर्ती रवींद्रन यांच्या निकालानं टक्क्यांचा घोळ सोडवला. त्यांचं उदाहरण सोपं आहे. डावा हात तुटला, दाखला साठ टक्के. तो माणूस सुतार किंवा ड्रायव्हर असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के गेली. सरकारी कारकून असेल तर नोकरी टिकूही शकते. अवयव तोच, नुकसान वेगळं. पुढे २०२१ च्या जानेवारीत त्याच कोर्टानं घरकामाचं मोल धरलंच पाहिजे, असं स्पष्ट सांगितलं. बाई घरकामात दिवसाला सरासरी २९९ मिनिटं घालवते आणि पुरुष ९७, हा सरकारी पाहणीचा आकडा त्या निकालात आहे.

आता हिशेब बघा. समजा, बाई अडतीस वर्षांची आहे आणि तिच्या कामाचं मोल महिन्याला ६,००० धरलं, म्हणजे वर्षाला ७२,०००. या वयाला गुणक पंधरा. दाखल्याचे पंचवीस टक्के धरले तर होतात २,७०,०००. पण धार काढणं, पाणी भरणं, खुरपणं सुटलं आणि निम्मं काम गेल्याचं कोर्टाला पटलं, तर ५,४०,०००. दवाखान्याचा खर्च आणि सोसलेला त्रास यांचे पैसे वेगळे.

२०१९ च्या दुरुस्तीनं, चूक सिद्ध न करता गंभीर दुखापतीला अडीच लाखांची सोय केली आहे. मात्र विमा कंपनीकडून ती तडजोडीची रक्कम घेतली की न्यायाधिकरणापुढचा दावा संपतो. म्हणून सही करण्याआधी वकिलाला विचारा. वकिलाचा खर्च परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा; बाईला तिथं उत्पन्नाचा दाखला न मागता वकील फुकट मिळतो. दावा आपण राहतो त्या भागातल्या न्यायाधिकरणातही लावता येतो. अपघातापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज करायचा, असं कायदा सांगतो. आणि जबाबात "मी घरीच असते" असं सांगू नका. पहाटेपासून रात्रीपर्यंत काय काय करत होता आणि त्यातलं आता काय होत नाही, ते एकेक करून लिहून घ्यायला लावा.