‘थोल’ : एका इंग्रजी बोली-क्रियापदाचा अर्थ व उगम

प्रस्तावना : बोली म्हणजे प्रमाणभाषेचे अशुद्ध रूप, असा समज सुशिक्षित समाजात दीर्घकाळ रूढ आहे. इतिहासाच्या कसोटीवर तो टिकत नाही. उत्तर इंग्लंड, स्कॉटलंड व अल्स्टर येथील बोलींत आढळणारे ‘थोल’ हे क्रियापद त्याचे बोलके उदाहरण होय. सोसणे, निमूटपणे सहन करणे हा त्याचा मुख्य अर्थ आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : प्राचीन इंग्रजीत हे क्रियापद ‘थोलियन’ या रूपात प्रचलित होते. १०६६ च्या नॉर्मन विजयानंतर राजदरबारात फ्रेंचचे वर्चस्व प्रस्थापित झाले. पुढील शतकांत ‘सफर’, ‘एन्ड्युअर’ हे फ्रेंचमधून आलेले शब्द प्रमाण इंग्रजीत स्थिरावले आणि ‘थोल’ मुख्यतः उत्तरेकडील बोलींपुरता उरला. सतराव्या शतकात स्कॉटिश वसाहतकारांबरोबर तो अल्स्टरमध्ये रुजला. स्कॉटलंडच्या कायद्यात मात्र त्याची प्रतिष्ठा टिकली. ज्याने एकदा खटला ‘थोलला’, त्याच्यावर त्याच आरोपासाठी पुन्हा खटला भरू नये, हे तत्त्व तेथे याच शब्दात मांडले गेले.

व्युत्पत्ती : प्राचीन नॉर्समधील ‘थोला’, गॉथिकमधील ‘थुलान’ व जर्मनमधील ‘डुल्डेन’ ही याची सगोत्र रूपे होत. याकोब ग्रिम यांनी १८२२ मध्ये मांडलेल्या ध्वनिनियमानुसार मूळ ‘त’चा जर्मानिक शाखेत ‘थ’ झाला. त्यामुळे लॅटिन ‘तोलेरारे’ आणि संस्कृत ‘तुला’ यांच्याशी ‘थोल’चे नाते जुळते. उचलणे, पेलणे हा मूळ धात्वर्थ असून त्यातूनच एकीकडे वजन करणे, तर दुसरीकडे दुःखाचा भार वाहणे असे अर्थ विकसित झाले. मराठीतील ‘तोलणे’ याच कुळातील आहे.

बोलीचे संकलन : इंग्लिश डायलेक्ट सोसायटीची स्थापना १८७३ मध्ये झाली. तिने जमविलेल्या सामग्रीच्या आधारे जोसेफ राइट यांनी १८९८ ते १९०५ या काळात सहा खंडांचा बोलीकोश सिद्ध केला. त्यात ‘थोल’ची नोंद आहे. बालपणी गिरणीत राबणारे राइट तरुणपणाच्या उंबरठ्यावर वाचायला शिकले आणि पुढे ऑक्सफर्डमध्ये तौलनिक भाषाशास्त्राचे प्राध्यापक झाले, ही बाब येथे अर्थपूर्ण ठरते. कवी शेमस हीनी यांनीही १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘बेवुल्फ’च्या अनुवादाच्या प्रस्तावनेत, घरातील वडीलधाऱ्यांच्या तोंडचा हा शब्द प्राचीन इंग्रजीत आढळल्याचे नमूद केले आहे.

निष्कर्ष : विद्वानांनी सोळाव्या शतकात लॅटिनमधून ‘टॉलरेट’ हा शब्द आणला, तेव्हा त्याच कुळातील ‘थोल’ शेतकऱ्यांच्या बोलीत नांदतच होता. एकास सुसंस्कृत व दुसऱ्यास गावंढळ ठरविणारा भेद भाषेच्या स्वरूपातून आलेला नसून सत्ता व प्रतिष्ठा यांच्या इतिहासातून आलेला आहे. म्हणूनच विद्यार्थ्याच्या बोलीतील शब्द चुकीचा ठरविण्यापूर्वी त्याचे मूळ तपासणे, ही अध्यापकाची जबाबदारी ठरते.